दरवर्षी तीच बोटं बधिर होतात? हिमालयातल्या थंडीत हात गोठणं: ओळख, उपाय, खबरदारी

"केदारकंठ्याहून येऊन दहा दिवस झाले, पण उजव्या हाताच्या दोन बोटांची टोकं अजून बधिर आहेत. गेल्या वर्षीही असंच झालं होतं, तेव्हा आपोआप गेलं. या वेळीही जाईल ना?"

जानेवारी सरत आला की हा प्रश्न माझ्या कानावर येतोच. विचारणारा बहुतेक वेळा सह्याद्रीत मुरलेला असतो. डिसेंबरात हरिश्चंद्रगडावर कोकणकड्याच्या वाऱ्यात रात्र काढलेली असते, कळसूबाई अंधारात चढलेली असते. थंडी त्याच्या ओळखीची असते, पण ती बोटं आखडवणारी थंडी. उत्तराखंडातल्या केदारकंठ्याच्या ३,८१० मीटर उंच माथ्यावर जानेवारीच्या पहाटे पारा उणे दहा-पंधरापर्यंत उतरतो आणि वर वारा असतो. ही बोटं गोठवणारी थंडी. सुरुवातीला दोन्ही सारख्याच लागतात, म्हणून माणूस फसतो.

गेली बरीच वर्षं मी पुण्याहून माणसं घेऊन हिवाळ्यात उत्तराखंडात जातोय. मी डॉक्टर नाही. पण हा त्रास जवळून पाहिलाय, डॉक्टरांना विचारून विचारून त्याबद्दल शिकलोय, आणि तेच प्रश्न पुन्हा पुन्हा येतात म्हणून सगळं एका जागी लिहितोय. आत्ता या क्षणी तुमच्याबरोबरच्या कुणाचं बोट पांढरं, कडक आणि बधिर असेल तर बाकीचं सोडा, थेट "पहिला तास" वाचा.

नक्की काय झालंय

गारठा वाढला की छाती-पोटाची ऊब राखण्यासाठी शरीर हातापायांचं रक्त आखडतं घेतं. बोटं आधी दुखतात, अगदी कळा मारतात. मग मुंग्या येतात. मग दुखायचं थांबतं, आणि घोळ इथे होतो. "आता बरंय, हात सरावले" असं त्या वेळी माणूस हमखास म्हणतो. कुणी असं म्हणालं की मी त्याला जागीच थांबवतो आणि मोजे काढायला लावून हात बघतो.

अगदी सुरुवातीच्या पायरीला फ्रॉस्टनिप म्हणतात. कातडी फिकी पडते, बधिर होते, पण दाबली तर मऊ लागते. हात काखेत धरले की दहा-पंधरा मिनिटांत मुंग्या आणि जळजळ होत लाली परत येते, मागे काही उरत नाही. त्यापुढचा तो हिमदंश, म्हणजे फ्रॉस्टबाइट. त्यात कातडी आणि तिच्याखालचा भाग खरोखर गोठतो, पेशींच्या अवतीभवती बर्फाचे कण तयार होतात. वरवरचा असेल तर बोट फ्रीजमधून काढलेल्या लोण्यासारखं लागतं, वरून कडक आणि खाली थोडं दबणारं. खोल गेला असेल तर पेर लाकडासारखं टणक होतं आणि त्यावरची कातडी बोटाने सरकवून बघितली तर सरकत नाही.

रंगाबद्दल एक गोष्ट मुद्दाम सांगतो. माहितीपत्रकांतले फोटो बहुतेक गोऱ्या हातांचे असतात. त्यात लालबुंद आणि पांढराफटक हा फरक ठळक दिसतो. आपल्या गव्हाळ किंवा सावळ्या हातावर तो तितका उमटत नाही. कातडी राखाडी, पिवळट, मेणचट दिसते, तीही हेडटॉर्चच्या उजेडात. म्हणून हाताच्या मागच्या बाजूवर विसंबू नका, तळहाताकडची बाजू आणि नखं बघा. नख दाबून सोडलं की त्याखालचा गुलाबी रंग दोनेक सेकंदांत परतायला हवा. आणि अंगठा करंगळीच्या टोकाला टेकवायला सांगा. तो टेकत नसेल तर हात कामातून जायला लागलेत, आता चेन लावणं, बूट बांधणं त्याच्यावर सोपवू नका.

हिमदंशासारखे दिसणारे आणखी दोन त्रास आहेत. पहिला चिलब्लेन: थंड-दमट हवेत काही तास राहिल्यावर बोटांवर लाल-जांभळ्या, खाजणाऱ्या, सुजलेल्या गाठी येतात. त्याला शून्याखालची हवा लागत नाही, डेहराडूनच्या किंवा लंडनच्या घरातही होतो, एक-दोन आठवड्यांत ओसरतो आणि पुढच्या हिवाळ्यात परत येतो. दुसरा रेनॉड: साध्या गारठ्याने, फ्रीजमधली बाटली धरल्यानेही बोटं एका रेषेपर्यंत पांढरी होतात, मग निळी, मग लाल. यातलं काहीही असलं तरी बोटं गोठलेली नसतात. पण रेनॉड असलेल्या माणसाला हिमदंशाचा धोका इतरांपेक्षा जास्त असतो, म्हणून ट्रेकला निघण्याआधी हे माहीत असलेलं बरं.

पहिला तास

आधी माणसाकडे बघा, मग हाताकडे. तो अडखळतोय, असंबद्ध बोलतोय, थरथर कापत होता आणि आता कापायचा थांबलाय, असं असेल तर त्याचं सगळं शरीरच थंड पडत चाललंय. आधी अंग गरम करायचं.

मग आडोसा, कोरडे कपडे, कोरडे मोजे. बोटातली अंगठी, हातातलं कडं, घड्याळ, मनगटावरचा घट्ट दोरा-गंडा लगेच काढा. गोठलेलं बोट वितळलं की टम्म सुजतं आणि मग अंगठी कापावी लागते. हात स्वतःच्या काखेत किंवा सोबत्याच्या पोटाशी कातडीला कातडी लावून दहा मिनिटं धरा. रंग आणि जाणीव परतली तर फ्रॉस्टनिप होतं. चहा द्या, मोजे बदला, खाली उतरा. नाही परतली तर हिमदंश समजा.

आता एकच प्रश्न महत्त्वाचा आहे: हे बोट वितळवलं तर पुन्हा गोठण्याची शक्यता आहे का? एकदा वितळलेलं बोट परत गोठलं तर होणारं नुकसान पहिल्यापेक्षा कितीतरी जास्त असतं. त्यामुळे पुढे थंडीत चालायचं असेल आणि दोन-तीन तासांत उबेला पोचता येत असेल, तर हात सैल, कोरड्या मोज्यात गुंडाळून, न चोळता, न वापरता खाली आणायचा. उतरताना तो आपसूक वितळला तर वितळू द्या, मुद्दाम गार ठेवू नका.

आमच्या एका दादाचं सांगतो. पहाटेची चढाई, माथ्याच्या थोडं खाली मायक्रोस्पाइक्सचं, म्हणजे बर्फावर पकड मिळावी म्हणून बुटावर चढवतात त्या दातेरी साखळ्यांचं, रबर बुटावरून निसटलं. मोजे घालून ते ओढता येईना म्हणून त्याने मोजे काढले, बर्फाने माखलेल्या साखळीशी पाचेक मिनिटं झगडला. माथ्यावर भगवा फडकवला, महाराजांचा जयजयकार झाला, फोटो झाले. झेंड्याची काठी म्हणजे घडी होणारी स्टीलची नळी, आणि ती धरलेला हात उघडा. उतरून चहा घ्यायला बसलो. त्याने गरम चहाचा स्टीलचा पेला मुठीत धरला आणि तोंडाला लावला तेव्हा ओठांना चटका बसला. पेला इतका गरम आहे हे हाताला कळलंच नव्हतं. हात उलटा करून बघितला तर अनामिका आणि करंगळीची टोकाची पेरं मेणबत्तीसारखी पिवळट. कुणीतरी बाम काढला, कुणी निखाऱ्यांकडे न्यायला निघालं. दोघांनाही थांबवलं. काखेत हात धरून दहा मिनिटं झाली, काही फरक नाही. मग सैल मिटन (चारही बोटं एकाच पिशवीत घेणारे हातमोजे) चढवले, त्याची सॅक दुसऱ्याने घेतली आणि वाटेतल्या हरगाव कॅम्पला न थांबता त्याला सरळ सांकरीत, पायथ्याच्या गावात, उतरवलं. गरम पाणी तिथे, खोलीत.

पाण्याची पद्धत अशी. पाणी ३७ ते ३९ अंश सेल्सिअस हवं. थर्मामीटर नसेल तर घरात बाळाच्या अंघोळीचं पाणी कोपर बुडवून बघतात तसं बघा, पण ते बघायचं धडधाकट माणसाने. ज्याचा हात बधिर आहे त्याला चटका कळत नाही. मोठं पातेलं घ्या, बोटं तळाला किंवा कडेला टेकू देऊ नका. पाणी भराभर गार होतं. हात बाहेर काढायचा, गरम पाणी ओतायचं, ढवळायचं, पुन्हा बघायचं, मग हात आत. साधारण अर्धा तास, कधी थोडा जास्त वेळ लागतो. कातडी मऊ होऊन लालसर-जांभळी झाली की पुरे. या अर्ध्या तासात माणूस कळवळतो, दादाच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. रक्त परत येतंय म्हणून ते दुखतं. अर्ध्यावर हात काढू देऊ नका.

आयबुप्रोफेन सुरुवातीलाच द्यावी, मोठ्या माणसाला ४०० मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, काहीतरी खाऊन. ती फक्त वेदनेसाठी नसते, वितळल्यानंतर बारीक रक्तवाहिन्यांत जी सूज आणि गुठळ्यांची साखळी सुरू होते तिलाही ती अटकाव करते. अल्सर, किडनीचा त्रास, या गोळ्यांची ॲलर्जी किंवा त्यांनी उसळणारा दमा असेल तर देऊ नका.

नंतर हात हवेवर सुकू द्या, टॉवेलने घासू नका. बोटांच्या मधे कोरडं गॉझ ठेवा, सैल पट्टी बांधा, हात छातीच्या वर ठेवा, भरपूर पाणी प्यायला लावा. फोड फोडू नका.

फोड काही तासांत येतात आणि तेच पुढचं सांगतात. स्वच्छ पाण्याचे, बोटाच्या टोकापर्यंत आलेले फोड असतील तर जखम बहुधा वरवरची. रक्ताळ फोड असतील, किंवा फोड खालच्या पेरापाशीच थांबले आणि टोक निळं-राखाडी, बधिरच राहिलं, तर इजा खोल आहे. तेव्हा एक तासही घालवू नका. गुठळ्या विरघळवणारं जे औषध हृदयविकार आणि पक्षाघातात देतात ते खोल हिमदंशातही बोटं वाचवू शकतं, पण वितळल्यापासून २४ तासांच्या आत आणि मोठ्या रुग्णालयातच. आयलोप्रोस्ट नावाच्या औषधाला अमेरिकेत फेब्रुवारी २०२४ मध्ये गंभीर हिमदंशासाठी मान्यता मिळाली. सांकरीहून मोरी, पुरोला, मसुरी करत डेहराडूनला पोचायला जवळपास अख्खा दिवस जातो, त्यामुळे "सकाळी बघू" म्हणण्याइतकी सवड या हिशेबात नाही. धनुर्वाताच्या इंजेक्शनचंही तिथे विचारा.

एक धीर द्यायचाय. बोट काळं पडलं म्हणजे ते लगेच कापतात असं नाही. कुठवर जिवंत आहे आणि कुठून मेलंय ही रेघ स्पष्ट व्हायला एक ते तीन महिने लागतात. जंतुसंसर्ग नसेल तर जाणकार सर्जन तेवढं थांबतात, आणि सुरुवातीला वाटतं त्यापेक्षा बरंच जास्त वाचतं. घाईने कापायला निघालेल्या ठिकाणी दुसऱ्या डॉक्टरांचं मत जरूर घ्या.

आपल्या हाताच्या सवयी, ज्या इथे उलटतात

दुखलं की शेक द्यायचा, तेल लावून चोळायचं, बाम लावायचा हे आपल्या अंगात भिनलंय. इथे तिन्ही वाईट. शेकोटी, निखारे, गरम पाण्याची पिशवी, जीपचा हीटर यांनी बधिर कातडी भाजते आणि भाजतेय हे कळतही नाही. चोळण्याने गोठलेला भाग आतून फाटतो. बाम रक्त आणत नाही, फक्त कातडीची आग करतो.

बर्फाने चोळण्याचा सल्ला अजूनही ऐकू येतो, त्यामागे मोठा इतिहास आहे. १८१२ मध्ये नेपोलियनचं सैन्य रशियातून माघारी फिरलं तेव्हा त्याचा सर्जन दोमिनिक लारे याने पाहिलं, की सैनिक रात्री शेकोटीवर हात भाजून घेतात, दिवसा चालताना ते पुन्हा गोठतात, आणि हात सडतात. शेकोटी वाईट हे त्याचं निरीक्षण बरोबर होतं. त्यावरून त्याने बर्फ चोळून हळूहळू गरम करा असं सांगितलं, आणि ते शंभराहून अधिक वर्षं चाललं. पुढे विसाव्या शतकाच्या मध्यानंतर अलास्कातले डॉक्टर विल्यम मिल्स यांच्या कामातून कोमट पाण्यात भरभर गरम करण्याची पद्धत रुजली. आज तीच जगभर वापरतात.

आणि रम. दारूने कातडीतल्या रक्तवाहिन्या उघडतात म्हणून ऊब वाटते, प्रत्यक्षात शरीर उष्णता गमावतं, शिवाय मोजा कुठे ठेवला याचं भान सुटतं. सिगरेट उलट करते, आधीच आखडलेल्या वाहिन्या आणखी आवळते. कॅम्पवर या दोन्हींवरून मी माणसांशी वाद घातलाय आणि पुढेही घालेन.

मोजे असतात, तरी बोटं का गोठतात

कारण ते काढले जातात. माझ्या पाहण्यातल्या जवळजवळ प्रत्येक प्रसंगात मोजे चांगलेच होते, फक्त खिशात होते. स्पाइक्स चढवताना, जॅकेटची चेन लावताना, फोन अनलॉक करताना, ड्रायफ्रूटची पुडी फोडताना, तंबूबाहेर लघवीला जाताना. उणे १५ अंशांना ताशी ४० किलोमीटरचा वारा असेल तर उघड्या कातडीला ते साधारण उणे २७ असल्यासारखं असतं, आणि त्या थंडीत अर्ध्या तासाच्या आसपास कातडी गोठू शकते. बोट ओलं असेल किंवा धातूला टेकलेलं असेल तर त्याहून बरंच लवकर.

३ जून १९५० रोजी अन्नपूर्णेच्या माथ्यावरून उतरताना मॉरिस हर्झोग यांचे मोजे हातातून सुटून उतारावरून घरंगळत गेले. सॅकमध्ये जादा पायमोजे होते, ते हातांवर चढवता आले असते, पण विरळ हवेत आणि थकव्यात ते सुचलंच नाही. हातापायांची बोटं गेली. ८,००० मीटरवरची ही गोष्ट मी केदारकंठ्याला निघालेल्यांना मुद्दाम सांगतो, कारण मोजा हातातून सुटायला उंची लागत नाही.

म्हणून आमच्याकडे आता असं चालतं. सगळ्यात आत पातळ लोकरी किंवा सिंथेटिक मोजा, हा उजाडून ऊन येईपर्यंत काढायचाच नाही, नाजूक काम याच्यातच करायचं. त्यावर फ्लीस किंवा लोकरीचा. वर वारा-पाणी अडवणारं मिटन, म्हणजे चारही बोटं एकाच पिशवीत. बोटं एकमेकांना ऊब देतात, म्हणून मिटन बोटांच्या मोज्यापेक्षा कधीही गरम. मिटनला दोरी लावून ती मनगटात किंवा बाहीतून गळ्यात, लहान मुलांच्या मोज्यांना असते तशी. आतले मोजे घामाने ओले होतात म्हणून एक कोरडी जोडी जॅकेटच्या आत छातीशी. तीन थर कोंबल्यावर मूठ वळत नसेल तर एक थर काढा, घट्ट मोजा रक्त अडवतो. दुकानात मोजे घ्यायला जाल तेव्हा तिन्ही एकावर एक चढवून मूठ वळून बघा.

मनगटाकडे कुणी लक्ष देत नाही. तिथे नाडी कातडीच्या अगदी लगत असते आणि बाही नि मोजा यांच्यातल्या फटीतून वारा तिलाच लागतो. मोज्याची पट्टी बाहीच्या आत किंवा बाहेर, कशीही, पण फट नको.

स्पाइक्स कॅम्पवर, बसून, उजेडात चढवून बघायच्या. रबर सैल असेल तर तिथेच बदलून मागायचं. खाऊच्या पुड्या आदल्या रात्री फोडून खिशात सुट्या. फोन एकाकडेच, फोटोही त्यानेच काढायचे. हॅन्ड वॉर्मरच्या पुड्यांतली लोहपूड हवेशी संयोग पावून गरम होते, तिला वेळ लागतो, तेव्हा निघण्याआधी वीस मिनिटं उघडा आणि पातळ मोज्याच्या वर ठेवा, बधिर कातडीवर कधीच नाही.

हात गार पडताहेत असं वाटलं की आधी टोपी आणि जॅकेट. अंग गार असेल तर कितीही मोजे घाला, शरीर हातांना रक्त देत नाही. मग हात खांद्यापासून पवनचक्कीसारखे जोरात फिरवा, रक्त बोटांकडे ढकललं जातं, मिनिटा-दोन मिनिटांत फरक कळतो. खा. आणि पाणी प्या. रात्री तंबूबाहेर जावं लागू नये म्हणून संध्याकाळपासून पाणी न पिणारे खूप असतात, विशेषतः मुली. त्यांची अडचण खरी आहे. त्यासाठी टॉयलेट तंबू जवळ आणि वाटेवर दिवा हवा. नेणाऱ्याने ते बघितलं पाहिजे.

ज्यांना हे पुन्हा पुन्हा होतं त्यांच्यासाठी

एकदा हिमदंश झालेलं बोट पुढे बरीच वर्षं थंडीला हळवं राहतं. लवकर पांढरं पडतं, दुखतं, कधी जास्त घामेजतं. दादाची बोटं वाचली, स्वच्छ पाण्याचे फोड आले, एक नख गळून नवं आलं, दीड-दोन महिन्यांत हात कामाला लागला. पण पुढच्या डिसेंबरात पुण्यात, जेमतेम दहा-बारा अंशांत, सकाळी सात वाजता बाइकवरून ऑफिसला जाताना तीच दोन बोटं सिग्नलला पांढरी दिसायला लागली. आता तो नोव्हेंबरपासूनच बाइकवर मोजे घालतो.

सुरुवातीच्या, दहा दिवस बधिर राहिलेल्या बोटांच्या प्रश्नाला माझं उत्तर म्हणून असं आहे: दहा दिवस जाणीव नसेल तर वाट बघू नका, डॉक्टरांना दाखवा. गेल्या वर्षी आपोआप गेलं याचा अर्थ या वर्षी त्याच बोटांचा धोका वाढलेला होता. रेनॉड, मधुमेह, थायरॉइड तपासून घ्या. रक्तदाबासाठी बीटा ब्लॉकर चालू असेल तर ते सांगा, त्याने हात आणखी गार पडतात. बोटांचे फोटो त्या दिवसापासूनचे, तारखेसकट, दाखवायला न्या. पुरेशी बरी होईपर्यंत हिवाळी ट्रेक आणि लडाखमधला चादर ट्रेक यांचा विचार सोडा, गोठलेल्या झन्स्कार नदीवरच्या त्या वाटेवर रात्री उणे २५ च्याही खाली जातात. मे महिन्यातला हिमालयही सुंदर असतो, आणि तेव्हाही बर्फ लागतोच.

दादा दोन हिवाळे थांबला. तिसऱ्या वर्षी परत आला तेव्हा झेंड्याची स्टीलची नळी घरी ठेवून त्याने सांकरीत एक लाकडी काठी घेतली, धरायच्या जागी जुन्या पायमोज्याची पट्टी गुंडाळली आणि आदल्या रात्री तंबूत मिटन घालून ती नीट धरता येते का हे दोनदा बघितलं.